तेरेझं गीझं: या चरित्र अभिनेत्रीचं काम पाहायचं कुठून?

रंगपेटी:

नाट्यवाचन गटाच्या एका बैठकीसाठी 'थेरेसे गिहसे' (उच्चार चुकत असेल तर सांगा) हा विषय घेतला आहे. वेळ चाळीस मिनिटं. जन्म १८९८ आणि मृत्यू १९७५, दोन्ही म्युनिकमध्ये. जर्मन नाटककार ब्रेख्टच्या 'मदर करेज'मधली पहिली करेज, स्विस नाटककार ड्यूरेनमॅटच्या 'द व्हिजिट'मधली पहिली क्लेअर, आणि लुई मालच्या 'लाकोम्ब, ल्युसियाँ'मधली आजी. इतपत माहिती हाताशी आहे.

अडतंय ते असं. पहिली करेज ही असेल तर पुस्तकांत आणि नेटवर जिथे पाहावं तिथे हेलेने वायगेल या ब्रेख्टच्या नटी-पत्नीचेच फोटो का? दोघींच्या करेजमध्ये फरक नेमका काय होता, आणि तो आज कशावरून ठरवायचा? जर्मन लेखांत तिला सर्रास 'चरित्र अभिनेत्री' म्हटलेलं दिसतं. आपण नायिकेच्या आईला किंवा खाष्ट सासूला म्हणतो तेच ना ते? आणि बैठकीत दाखवण्याजोगं चित्रीकरण काय काय आहे?

पडद्यामागे:

आधी नाव. 'तेरेझं गीझं'. पहिल्या नावातला 'टी-एच' हा साधा 'त'. दोन्हीकडचा 'झ' 'झाड'मधल्यासारखा, 'झेंडा'मधल्यासारखा नाही. शेवटचा स्वर अर्धवट, 'अ'कडे झुकणारा. आडनावाचं स्पेलिंग जी-आय-ई-एच-एस-ई. त्यातला एच फक्त 'ई' लांबवण्यासाठी आहे, तो उच्चारायचा नाही. पण शोधताना गाळलात तर भलतीच माणसं सापडतात. हे आडनाव रंगभूमीसाठी घेतलेलं. मूळ आडनाव गिफ्ट, आणि जर्मनमध्ये 'गिफ्ट' म्हणजे विष. जाहिरातीच्या फलकावर ते कसं दिसलं असतं, विचार करा.

आता 'चरित्र अभिनेत्री'. आपल्याकडे हा शब्द सिनेमातून आला आणि तिथे त्याचा अर्थ 'नायक-नायिका सोडून उरलेले वयस्क' एवढाच राहिला. जर्मन नाटकमंडळ्यांत 'फाख' नावाची पद्धत होती. नट कुठल्या प्रकारच्या भूमिका करणार हे करारातच लिहिलेलं असायचं: भोळी तरुणी, भावुक तरुणी, वीरमाता, विनोदी म्हातारी, चरित्र भूमिका. गावोगावच्या कायम नाट्यगृहांना वर्षभरात ढीगभर नाटकं उभी करायची असत. प्रत्येक फाखाचा एकेक माणूस पदरी असला की कुठलंही नाटक लगेच वाटून टाकता येई. यात 'चरित्र' म्हणजे दुय्यम असं मुळीच नाही. मेफिस्टो, शायलॉक, तिसरा रिचर्ड ही सगळी चरित्र नटाचीच कामं. तेव्हा बैठकीत 'सहाय्यक अभिनेत्री' असं म्हणू नका, पहिल्याच वाक्यात विषय घसरेल.

गीझं ठेंगणी, जाड बांध्याची, रूढ अर्थानं देखणी नव्हती. भोळी तरुणी किंवा प्रेयसी हा रस्ता तिला बंदच होता. ज्यू व्यापारी कुटुंबातली. पहिलं महायुद्ध संपताना म्युनिकमध्ये टोनी विटल्स-स्टुरी यांच्याकडे शिकली. मग झीगन, ग्लायव्हिट्झ, लांड्सहूट, ब्रेसलाउ अशा गावांच्या नाट्यगृहांत उमेदवारी केली. विशी-तिशीतच वाट्याला आल्या त्या वयस्क बायका, आया, मोलकरणी, भांडकुदळ शेजारणी. १९२६ मध्ये ती म्युनिकच्या कामरश्पीलं नाट्यगृहात दिग्दर्शक ऑटो फाल्केनबर्गकडे आली आणि १९३३ पर्यंत तिथेच होती.

याचा फायदा नंतर दिसतो. देखणी नटी चाळिशीला आली की तिला फाख बदलावा लागतो आणि बऱ्याच जणी तिथेच अडखळतात. गीझंला तो बदल करावाच लागला नाही. म्हातारी कशी बसते, ओझं कसं उचलते, पैसे कसे मोजते हे सगळं करेज हातात येण्याआधी पंधरा-वीस वर्षं तिच्या अंगात मुरलेलं होतं.

तिसरी_घंटा:

१९३३ ते ३७ हा भाग तुमच्या टिपणात नाही. तो घालाच, नाहीतर म्युनिकची नटी झुरिकमध्ये कशी, हा प्रश्न कुणीतरी विचारेलच.

१ जानेवारी १९३३ रोजी म्युनिकमध्ये, होफब्रॉयहाउसजवळच्या 'बोनबोनिएर' या छोट्या रंगमंचावर 'फेफरम्यूलं' म्हणजे 'मिरीची चक्की' हे कॅबरे सुरू झालं. कॅबरे म्हणजे इथे नाच नव्हे. गाणी, स्वगतं आणि छोटे प्रवेश यांची राजकीय टोपी-उडवणी. मंडळी कोण? कादंबरीकार टॉमस मानची मुलं एरिका आणि क्लाउस, पियानोवर माग्नुस हेनिंग, आणि गीझं, जी तेव्हा एरिकाची जोडीदारही होती. बरंचसं लिखाण आणि निवेदन एरिकाचं, गीझंकडे मुख्य कामं आणि बसवण्याची बाजू. ३० जानेवारीला हिटलर चॅन्सेलर झाला, मार्चमध्ये ही मंडळी देश सोडून गेली. त्याच वर्षी सप्टेंबरअखेर झुरिकच्या 'हिर्शन' हॉटेलात चक्की पुन्हा फिरू लागली.

यातला एक तुकडा बैठकीत सांगण्यासारखा आहे. 'मूर्खपणा' हे पात्र होऊन गीझं एक गाणं म्हणायची. हिटलरचं नाव नाही, पक्षाचं नाव नाही. मूर्खपणा स्वतःच येऊन स्वतःची थोरवी गातो. नाव न घेण्यामागे साधं व्यावहारिक कारण होतं: परक्या देशात पाहुणे म्हणून राहायचं, तर शेजारच्या सरकारची उघड निंदा करणाऱ्याला परवाना मिळत नाही. परीकथा, रूपकं, लहान मुलांची गाणी यांच्या आडून बोलावं लागे. ही आडवाट प्रेक्षकांना लगेच कळायची, आणि विरोधकांनाही. नोव्हेंबर १९३४ मध्ये झुरिकमध्ये स्विस फॅसिस्टांनी प्रयोगात दंगा केला, पुढे तिथे खेळ करणं अशक्य झालं. स्वित्झर्लंड, हॉलंड, बेल्जियम, लक्झेंबर्ग, चेकोस्लोव्हाकिया मिळून हजारावर प्रयोग झाले.

मग जानेवारी १९३७ मध्ये न्यूयॉर्क, आणि तिथे साफ आपटी. या गाण्यांतला सगळा डंख शब्दांच्या आडोशात होता. इंग्रजीत आणल्यावर आडोसाही गेला आणि डंखही. शिवाय ज्याला जर्मनीतल्या रोजच्या बातम्या ठाऊक नाहीत त्याला परीकथा ही परीकथाच वाटणार. गीझं लवकरच युरोपात परतली आणि झुरिकच्या शाउश्पीलहाउस नाट्यगृहात रुजू झाली.

या जर्मन नटीकडे ब्रिटिश पारपत्र कसं आलं, हे कोडंही इथेच सुटतं. मे १९३६ मध्ये बर्मिंगहॅमजवळच्या सॉलिहल इथे तिनं जॉन हॅम्प्सन या इंग्रज कादंबरीकाराशी लग्न केलं. हॅम्प्सन समलिंगी होते आणि लग्न कागदापुरतं होतं. जमवलं ते कवी ऑडेननं, ज्यानं स्वतः आदल्याच वर्षी एरिकाशी तसंच लग्न केलं होतं. काही लेखांत हे 'प्रेमविवाह' म्हणून येतं, ते उचलू नका.

मुंबई_ते_म्युनिक:

करेजचं उत्तर जरा लांबेल.

नाटक १९३९ मध्ये स्वीडनमध्ये लिहिलं गेलं. पहिला प्रयोग १९ एप्रिल १९४१, शाउश्पीलहाउस, झुरिक. दिग्दर्शक लिओपोल्ड लिंड्टबेर्ग, नेपथ्य टेओ ओटो, संगीत पाउल बुर्कहार्ड. आज आपण ऐकतो ते पाउल डेसाउचं संगीत नंतरचं. गीझं ४३ वर्षांची. ब्रेख्ट स्वतः तेव्हा फिनलंडमध्ये अडकलेला, अमेरिकेच्या व्हिसाची वाट पाहत. म्हणजे आपल्या सर्वांत गाजलेल्या भूमिकेचा पहिला प्रयोग लेखकानं पाहिलाच नाही. त्याच्यापर्यंत पोचली ती परीक्षणं.

परीक्षणांनी त्याचं डोकं फिरवलं. झुरिकच्या वृत्तपत्रांना करेजमध्ये नायोबी दिसली. नायोबी ही ग्रीक पुराणातली आई, सगळी मुलं मारली गेल्यावर रडत रडत शिळा झालेली. ब्रेख्टला दाखवायची होती सैन्यामागे गाडी घेऊन फिरत युद्धावर धंदा करणारी बाई, जी त्याच धंद्यापायी मुलं गमावते आणि तरी काही शिकत नाही. प्रेक्षक तर तिच्यासाठी अश्रू ढाळत होते.

इथे बरेच लेखक गीझंनं 'भावनाप्रधान' करेज केली आणि वायगेलनं 'खरी ब्रेख्टची' केली, असं सरळ वाटप करून मोकळे होतात. मला ते पटत नाही. १९४१ ची संहिताच करेजला सहानुभूती मिळवून देणारी होती. ब्रेख्टलाही ते कळलं असावं, कारण त्यानं दोष नटीला दिला नाही, प्रवेश पुन्हा लिहिले. बर्लिनच्या ११ जानेवारी १९४९ च्या प्रयोगासाठी केलेले हे मुख्य बदल:

पहिला प्रवेश. सार्जंट पट्ट्याचं बक्कल विकत घेण्याच्या मिषानं करेजला गुंतवतो. ती अर्ध्या गुल्डनचं नाणं खरं की खोटं हे दातानं चावून पाहते आणि तेवढ्यात भरती करणारा तिच्या थोरल्याला, आयलिफला, घेऊन जातो. मुकी मुलगी काट्रिन घशातून आवाज काढत सांगू पाहते, आईचं लक्ष नाही. अर्ध्या गुल्डनला मुलगा गेला, हे आता डोळ्यांसमोर घडतं.

पाचवा प्रवेश. जखमींना पट्ट्या हव्यात. आधी करेज आपणहून सदरे फाडून देत असे. नव्या संहितेत ती नकार देते. काट्रिन आईच्या अंगावर फळी उगारते, पाद्री करेजला उचलून गाडीच्या पायरीवरून खाली बसवतो आणि सदरे काढून टराटरा फाडतो. ती किंमत ओरडत राहते: एकेक सदरा अर्ध्या गुल्डनचा!

पुन्हा तोच आकडा. मराठी वाचनात हे दोन 'अर्धा गुल्डन' एकाच शब्दात आणा. एकदा 'अर्धा गुल्डन' आणि एकदा 'आठ आणे' केलंत तर धागा तुटला.

आता फोटोंचं. बर्लिनच्या प्रयोगाचं ब्रेख्टनं 'आदर्श प्रयोगपुस्तक' करवून घेतलं. रूथ बेर्लाउ आणि हायनर हिल यांची छायाचित्रं, प्रत्येक हालचालीवर टिपणं. इतर नाट्यगृहांनी ते समोर ठेवून नाटक बसवावं अशी अपेक्षा होती. जगभर पोचलं ते हे पुस्तक आणि १९६१ चा चित्रपट, दोन्हींत वायगेल. १९४१ च्या झुरिकमध्ये अशी सोय कोण करणार? आपल्याकडेही ब्रेख्ट आला तो पूर्व जर्मनीच्या वाटेनं. वायमारचे फ्रिट्झ बेनेविट्झ आणि विजया मेहता यांचं 'अजब न्याय वर्तुळाचा' आठवा. त्या वाटेवर वायगेल भेटते, गीझं भेटत नाही.

मात्र त्या पुस्तकातल्या बर्लिनच्या फोटोंतसुद्धा झुरिक आहे. गाडी आणि मागच्या पडद्यांची मूळ मांडणी टेओ ओटोची, झुरिकमधूनच घेतलेली.

रंगपेटी:

हे फार उपयोगाचं. दोन शंका. गीझंनं बदललेली संहिता पुढे कधी केली का? आणि आमच्या हातातला इंग्रजी अनुवाद कुठल्या संहितेवरून आहे हे कसं ओळखायचं?

मुंबई_ते_म्युनिक:

केली. ऑक्टोबर १९५० मध्ये म्युनिकच्या कामरश्पीलंमध्ये, खुद्द ब्रेख्टच्या दिग्दर्शनाखाली, बर्लिनचं प्रयोगपुस्तक समोर ठेवून. वय ५२. ज्या नटीनं भूमिका जन्माला घातली तिला दुसरीच्या हालचालींचा आराखडा दिला गेला, म्हटल्यावर ठिणग्या उडतील असं वाटतं. झालं उलटंच. तिनं आराखडा घेतला आणि त्यात स्वतःच्या जागा शोधल्या. ब्रेख्टला ते इतकं आवडलं की तिच्या काही जागा त्यानं टिपणांत नोंदवून ठेवल्या. प्रयोगपुस्तक म्हणजे ठसा मारायचा साचा नव्हे, हे दाखवायला त्याला तिचं उदाहरण मिळालं.

अनुवाद ओळखण्यासाठी थेट पाचवा प्रवेश उघडा, लहानसाच आहे. पाद्री करेजला उचलून खाली ठेवतो अशी रंगसूचना असेल तर बदललेली संहिता. बाजारात मिळणारे बहुतेक अनुवाद हेच आहेत. मग १९४१ च्या प्रयोगाबद्दल बोलताना 'गीझंनं नाणं चावलं' असं म्हणू नका. हीच चूक सर्वांत जास्त होते: नव्या संहितेतले तपशील जुन्या प्रयोगाला चिकटवले जातात. वायगेलची ती प्रसिद्ध मूक किंकाळी, तिसऱ्या प्रवेशात करेजच्या धाकट्या मुलाला, श्वायट्सरकासला, गोळ्या घातल्याचा आवाज येतो तेव्हाची, तीही गीझंच्या नावावर खपवलेली दिसते. ती वायगेलची. शेवटच्या प्रवेशात काट्रिनच्या दफनासाठी शेतकऱ्यांना पैसे देताना एक नाणं परत पाकिटात टाकणं, तेही वायगेलचं.

भाषेबद्दल विचारलं नाहीत, पण वाचन करणार म्हणून सांगतो. करेज स्वतःला बाम्बेर्गची म्हणवते. तिची बोली दक्षिण जर्मन वळणाची, पण कुठल्याही एका गावची नाही. ब्रेख्टनं घडवलेली आहे. तो आउग्सबुर्गचा, गीझं म्युनिकची. गाडीनं तासाभराचं अंतर. तो सूर तिला शिकावा लागला नसणार. मराठीत प्रमाण भाषा घेतलीत तर बाई शाळामास्तरीण वाटेल. अस्सल वऱ्हाडी किंवा मालवणी घेतलीत तर ती त्या जिल्ह्याची होऊन बसेल, आणि बारा वर्षं गाडी ओढत युरोपभर फिरलेली बाई एका जिल्ह्याची राहत नाही. बाजारात फिरणाऱ्या व्यापाऱ्याची सरमिसळ बोली, छोटी वाक्यं, हिशेबाचे शब्द ठसठशीत. एवढं सांभाळलंत तरी पुरे.

तिसरी_घंटा:

ब्रेख्टच्याच खात्यात आणखी तीन नोंदी. 'श्रीयुत पुंटिला आणि त्याचा नोकर माट्टी' या नाटकाचा पहिला प्रयोग ५ जून १९४८, पुन्हा झुरिकमध्येच. गीझं चोरटी दारू विकणारी एम्मा झाली होती. काम छोटं, पण आलुबुखारवालं गाणं तिच्याकडे. पुंटिला दारूच्या नशेत पडद्याच्या कड्या अंगठ्या म्हणून वाटत चौघींना लग्नाचं वचन देतो, त्यांतली ही एक. दिग्दर्शन ब्रेख्टचंच, पण स्वित्झर्लंडमध्ये कामाचा परवाना नसल्यानं जाहिरातीवर नाव कुर्ट हिर्शफेल्डचं.

ब्रेख्टची नाटकमंडळी बर्लिनर आन्सांबल निघाल्यावर ती तिथेही गेली, १९४९ ते ५२. गोर्कीच्या नाटकातली वासा झेलेझ्नोवा, हाउप्टमानच्या 'बीव्हरची कातडी'मधली चोरटी धोबीण मदर वोल्फन. १९५२ मध्ये क्लाइस्टचं 'फुटका घडा' तिनं तिथेच दिग्दर्शित केलं. तिला नुसती नटी समजणाऱ्यांच्या नजरेतून हे कायम सुटतं.

तिसरी, मला वाटतं सर्वांत मोठी: ऑक्टोबर १९७०, पश्चिम बर्लिन, हालेशेस ऊफरवरचं शाउब्यूनं नाट्यगृह. दिग्दर्शक पेटर श्टाइन आणि त्याच्या तरुण मंडळींनी नव्या व्यवस्थेतलं पहिलं नाटक म्हणून ब्रेख्टचं 'आई' निवडलं आणि पेलागेया व्लासोवासाठी ७२ वर्षांच्या गीझंला बोलावलं. मंडळी सगळी विद्यार्थी चळवळीतून आलेली, प्रत्येक निर्णय बैठकीत चर्चा करून घेणारी. नाटकात लिहिता-वाचता न येणारी आई मुलाच्या पिढीकडून शिकते. रंगमंचावर मात्र शिकवणारे पोरसवदा आणि शिकणारीला पन्नास वर्षांचा अनुभव. नाटकाची सुरुवात होते ती सूप पातळ झाल्याची लाज वाटणाऱ्या आईच्या बोलण्यापासून. प्रयोगाचं दूरचित्रवाणीसाठी चित्रीकरण झालेलं आहे. मिळालं तर एवढीच सुरुवात दाखवा. रडकेपणाचा लवलेश नाही, भाजीचा हिशेब सांगावा तसं बोलते.

पडद्यामागे:

आता ड्यूरेनमॅट. तुमच्या टिपणात 'द व्हिजिट' आहे, पण अभ्यासाला मी 'भौतिकशास्त्रज्ञ' घेईन.

'द व्हिजिट', म्हणजे मूळ नावानं 'म्हाताऱ्या बाईंची भेट', याचा पहिला प्रयोग २९ जानेवारी १९५६, झुरिक, दिग्दर्शक ओस्कार वेल्टरलिन. गीझं क्लेअर त्साखानासियान, गुस्टाफ क्नूठ तिचा जुना प्रियकर इल. क्लेअर गावाला एक अब्ज देऊ करते, निम्मे गावाला आणि निम्मे घरटी वाटून. अट एकच, इलचा जीव. या भूमिकेत नेहमी फसतं ते सूडापाशी. नटी दात-ओठ खात येते आणि पहिल्या अंकातच सगळं उधळून बसते. ड्यूरेनमॅटनं टिपेत बजावलंय की क्लेअर ही न्यायाचं वगैरे प्रतीक नाही, ती फक्त जगातली सर्वांत श्रीमंत बाई आहे, आणि माणसांकडे विकत घेण्याच्या मालाकडे पाहावं तसं पाहते. म्हणजे राग नको, सवड हवी. तिला घाई नाही. एक पाय आणि एक हात कृत्रिम, त्यामुळे हालचाल मुळातच कमी. गीझंसारखी बसल्या जागी रंगमंच भरून टाकणारी नटी लेखकाला मिळाली हे त्याचं भाग्य.

गीझंच्या क्लेअरच्या शोधात १९५९ चं दूरचित्रवाणी नाटक काढाल तर त्यात एलिझाबेठ फ्लिकेनशिल्ट आहे, आणि १९६४ च्या चित्रपटात इन्ग्रिड बर्गमन. दोन्हींत गीझं नाही.

'भौतिकशास्त्रज्ञ', फेब्रुवारी १९६२, झुरिक, दिग्दर्शक कुर्ट होर्विट्झ. वेड्यांच्या इस्पितळाची प्रमुख ही भूमिका आधी पुरुषाची योजलेली होती. गीझंसाठी ड्यूरेनमॅटनं ती बाई केली, माठिल्डं फोन त्सांड, कुबड असलेली अविवाहित डॉक्टरीण, आणि नाटक छापताना गीझंलाच अर्पण केलं. आता विचार करा, शेवटी वेडे कोण आणि शहाणे कोण हे उलटं होतं, त्या क्षणी समोर करारी पुरुष डॉक्टर असता तर प्रेक्षकानं ते आधीच ताडलं असतं. आजीसारखी प्रेमळ, कामसू बाई असली की धक्का बसतो. नटीच्या मापानं भूमिका बेतल्यामुळे नाटकाचा शेवट पक्का झाला. १९६४ चं दूरचित्रवाणी रूप आहे, दिग्दर्शक फ्रिट्झ उमगेल्टर, डॉक्टरीण गीझंच. पाहताना तिचा सुरुवातीचा सूर आणि शेवटचा सूर शेजारी ठेवून ऐका. आवाज ती चढवत नाहीच.

ब्रेख्टनं तिच्या प्रयोगानंतर प्रवेश बदलले, ड्यूरेनमॅटनं तिच्यासाठी पात्र बदललं, आणि नाटककार फ्रान्झ क्सावर क्र्योट्झनं तिच्यासाठी वृद्धाश्रमात जाण्याआधी सामान आवरणाऱ्या म्हातारीचं अख्खं स्वगत लिहिलं. फोटो नाहीत म्हणून हळहळण्यापेक्षा मी संहिताच उघडून बसेन. तिचं काम तिथे छापलेलं आहे.

फिल्लमबाज:

सिनेमाचं थोडक्यात, कारण तिचं मुख्य काम तिथे नाही.

'शेवटची संधी' (१९४५), दिग्दर्शक तोच लिंड्टबेर्ग ज्यानं पहिली करेज बसवली. इटलीतून डोंगर ओलांडून स्वित्झर्लंडला निघालेले निर्वासित, आणि प्रत्येक जण आपापली भाषा बोलतो. गीझं त्यांत ज्यू आई फ्राउ विटल्स. नाटकवाल्यांसाठी हा चित्रपट सर्वांत कामाचा, कारण झुरिकच्या करेजच्या काळातली गीझं इथे हलती-बोलती दिसते.

'मेट्शन इन युनिफॉर्म' शोधताना वर्ष तपासा. १९३१ चा कृष्णधवल चित्रपट वेगळा, त्यातली मुख्याध्यापिका एमिलिया उंडा. गीझं आहे ती १९५८ च्या रंगीत आवृत्तीत, रोमी श्नायडर आणि लिली पाल्मर यांच्याबरोबर.

'लाकोम्ब, ल्युसियाँ' (१९७४): जून १९४४, नैऋत्य फ्रान्स, लपून राहिलेलं ज्यू शिंप्याचं कुटुंब. जर्मन पोलिसांसाठी काम करणारा गावठी पोरगा घरात घुसून बसतो. आजीला संवाद जवळजवळ नाहीत. ती पत्ते मांडत बसते आणि पाहते. दाखवायचं असेल तर पोरगा शॅम्पेन घेऊन येतो, आरडाओरडा करतो असे प्रसंग घ्या आणि प्रेक्षकांना सांगा, फक्त आजीकडे बघा. नजर कुणावर किती वेळ ठेवायची हेच तिचं काम. पुढच्या वर्षीच्या 'ब्लॅक मून'मध्ये ती पलंगावर पडल्या पडल्या उंदराशी बोलते. चित्रपट तिलाच अर्पण आहे, पण विचित्र आहे. बैठकीत एकदम लावलात तर अर्धी मंडळी चहाला उठतील.

रंगपेटी:

सगळ्यांचे आभार. चाळीस मिनिटांत यातलं काय ठेवू, काय टाकू?

पडद्यामागे:

फाख समजावायला पाच मिनिटं, त्यातच नाव आणि म्युनिक. फेफरम्यूलंला सहा, 'मूर्खपणा'चं गाणं आणि न्यूयॉर्कची आपटी एवढंच. करेजला पंधरा: पाचवा प्रवेश दोनदा वाचा. एकदा करेज आपणहून सदरे देते असं समजून, एकदा छापील संहितेप्रमाणे. करेज वाचणारी दोन्ही वेळा तीच हवी, नाहीतर फरक नटीमुळे पडला की शब्दांमुळे हे कळणार नाही. मधे चर्चा नको, दुसरं वाचन झाल्यावर बोलू द्या. 'भौतिकशास्त्रज्ञ'चे दोन तुकडे मिळून आठ, 'लाकोम्ब'मधला एक प्रसंग चार. राहिलेली दोन मिनिटं प्रोजेक्टर सुरू करण्यात जातातच.

क्लेअर या वेळी टाका. चित्रीकरणाशिवाय नुसतं वर्णन करावं लागेल, आणि ती बाई वर्णनात मावत नाही. झालंच तर १९८८ चं शंभर फेनिंगचं पश्चिम जर्मन टपाल तिकीट शेवटी पडद्यावर ठेवा, 'जर्मन इतिहासातील स्त्रिया' या मालिकेतलं. त्यावरचं नाव पाहून स्पेलिंगमधला एचही सगळ्यांच्या लक्षात राहील.